कॉस्मेटिक सर्जरी बिघडली तर: इंदूरकरांसाठी पहिल्या भेटीपासून ग्राहक आयोगापर्यंतची वाट

गेल्या पावसाळ्यात एक मायलेकी माझ्याकडे आल्या. मुलगी पंचविशीची, बँकेत नोकरीला. लग्न ठरायच्या आधी तिने नाकाचं ऑपरेशन करून घेतलं होतं. उजवी नाकपुडी आत ओढली गेली होती, रात्री तोंड उघडं ठेवून झोपावं लागायचं. कापडाच्या दुकानाच्या पिशवीतून तिने टेबलावर जे काढलं ते एवढंच: क्लिनिकची गुळगुळीत रंगीत जाहिरात, औषधांची एक चिठ्ठी, आणि मोबाइलमध्ये पैसे पाठवल्याचा स्क्रीनशॉट. डिस्चार्ज कार्ड नाही. ऑपरेशनआधीचा स्वतःचा एक धड फोटोही नाही.

मी तारीख विचारली. ऑपरेशनला दोन वर्षं चार महिने झाले होते. "इतके दिवस का थांबलात?" यावर आईनेच उत्तर दिलं, "ताई, कुणाला सांगणार? हौसेने केलं ना हिने. लोक म्हणाले असते, भोग आता."

ग्राहक कायद्यात तक्रारीची मुदत दोन वर्षांची आहे. विलंब माफ करावा म्हणून आम्ही अर्ज केला. लाज वाटत होती, हे कारण ग्राहक आयोगाला पुरेसं वाटलं नाही. नाक कुणामुळे बिघडलं हा प्रश्न निघायच्या आधीच प्रकरण संपलं.

इंदूरमध्ये ग्राहकांची प्रकरणं चालवताना मी पुन्हा पुन्हा हेच पाहते. अशा केसेस कोर्टात हरण्याआधी घरातच हरलेल्या असतात, कारण माणूस गप्प बसतो आणि तेवढ्यात कागद हरवतात. हौसेने केलेलं ऑपरेशन म्हणून तुमचा हक्क कमी होत नाही. गॉलब्लॅडर काढणाऱ्या सर्जनला जी काळजी घ्यावी लागते तीच पोटावरची चरबी काढणाऱ्यालाही घ्यावी लागते. माझ्या मते तर समजावून सांगण्याची त्याची जबाबदारी जास्तच, कारण हे ऑपरेशन टाळता येण्याजोगं असतं.

म्हणून पहिल्यांदाच या वाटेवर पाऊल टाकणाऱ्यांसाठी ही वाट क्रमाने सांगते. अजून ऑपरेशन झालं नसेल तर इथून वाचा. झालं असेल आणि काही बिघडलं असेल तर सरळ पाचव्या पायरीवर जा.

पायरी १: डॉक्टर कोण, हे पाटीवरून ठरवू नका

पलासियापासून विजयनगरपर्यंत चालत गेलात तर 'एस्थेटिक', 'कॉस्मेटिक', 'लेझर', 'हेअर' असे शब्द लिहिलेल्या पाट्या दिसतील. 'कॉस्मेटिक सर्जन' ही काही स्वतंत्र पदवी नाही. पाहायचं ते नावापुढे. प्लास्टिक सर्जन म्हणजे एमबीबीएसनंतर एमएस आणि त्यापुढे एमसीएच, किंवा प्लास्टिक सर्जरीतलं डीएनबी. त्वचेच्या उपचारांसाठी एमडी किंवा डीएनबी झालेले त्वचारोगतज्ज्ञ. चार दिवसांच्या कार्यशाळेचं फ्रेम केलेलं प्रमाणपत्र भिंतीवर कितीही शोभलं तरी ती पदवी नव्हे. हेअर ट्रान्सप्लांटबद्दल तर राष्ट्रीय आयुर्विज्ञान आयोगाने २०२२ साली स्पष्टच सांगितलं आहे की कार्यशाळेत किंवा यूट्यूबवर पाहून शिकणं हे पुरेसं प्रशिक्षण नाही.

डॉक्टरांना नोंदणी क्रमांक विचारा. तो चिठ्ठीवर छापलेला असायलाच हवा. राष्ट्रीय आयुर्विज्ञान आयोगाच्या संकेतस्थळावर भारतीय वैद्यक नोंदवही पाहता येते, त्यात नाव आणि क्रमांक टाकून शोधा. आपल्या राज्याची नोंदणी मध्य प्रदेश वैद्यक परिषदेकडे, म्हणजे भोपाळला असते. विचारल्यावर डॉक्टर चिडले तर तिथून उठा. चांगल्या सर्जनला या प्रश्नाचा राग येत नाही, हे मी अनुभवाने सांगते.

होमिओपॅथी किंवा आयुर्वेदाची पदवी असलेली व्यक्ती ॲलोपॅथीचे उपचार करत असेल तर काय, याचं उत्तर सर्वोच्च न्यायालयाने १९९६ साली पूनम वर्मा प्रकरणात देऊन ठेवलं आहे. ज्या शाखेचं शिक्षण नाही त्या शाखेचा उपचार करणं हाच हलगर्जीपणा, तो वेगळा सिद्ध करावा लागत नाही. आणि प्रत्यक्ष सुरी कोण धरणार हेही विचारा. पहिल्या भेटीत एक नावाजलेले डॉक्टर आणि ऑपरेशनच्या दिवशी दुसराच कुणी, असं होतं.

पायरी २: जागा पाहून या

नर्सिंग होमची मध्य प्रदेशच्या १९७३च्या कायद्याखाली नोंदणी लागते. ती मुख्य चिकित्सा एवं स्वास्थ्य अधिकारी, म्हणजे सगळे ज्याला सीएमएचओ म्हणतात, त्यांच्याकडून होते. प्रमाणपत्र बहुधा रिसेप्शनजवळ लावलेलं असतं. त्यावरची मुदत वाचा.

मग तीन प्रश्न विचारा. भूल कोण देणार आणि तो भूलतज्ज्ञ ऑपरेशन संपेपर्यंत तिथेच असणार का? रात्री तिथे डॉक्टर असतो का? आणि प्रकृती अचानक बिघडली तर कुठल्या मोठ्या रुग्णालयात नेणार? लायपोसक्शनला, म्हणजे नळीने चरबी शोषून काढण्याला, लोक ब्युटी पार्लरमधल्या कामासारखं समजतात. चरबीचे कण किंवा रक्ताच्या गाठी फुप्फुसात गेल्या तर जीव जातो. एका वेळी पाच लिटरपेक्षा जास्त काढलं तर ते मोठ्या प्रमाणातलं लायपोसक्शन मानतात, आणि तशा रुग्णाला रात्रभर देखरेखीत ठेवावं लागतं. 'संध्याकाळी घरी' असं कुणी सांगत असेल तर किती लिटर काढणार हे विचारल्याशिवाय होकार देऊ नका.

पायरी ३: संमतीपत्र घरी आणून वाचा

सगळ्यात जास्त वेळ या पायरीला द्या.

बहुतेक ठिकाणी काय होतं, ते सांगते. तुम्ही उपाशीपोटी सकाळी सातला पोचता. गाऊन घालायला देतात, दागिने आणि चष्मा नातेवाइकांकडे जातो, हाताला सलाइन लागतं. मग कुणीतरी क्लिपबोर्डवर चार-पाच पानं घेऊन येतं, सगळं इंग्रजीत, बारीक अक्षरात, आणि पेनाने खुणा केलेल्या जागा दाखवतं: "यहाँ, यहाँ और यहाँ." शेवटी एक छापील ओळ असते की मला माझ्या भाषेत सर्व समजावून सांगितलं आहे. चष्म्याशिवाय माणूस सही करतो. पुढे आयोगासमोर तीच ओळ मोठ्याने वाचून दाखवली जाते.

संमतीचा कायदा मात्र सहीपुरता नाही. २००८ सालच्या समीरा कोहली निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की उपचार काय, तो कशासाठी, पर्याय कोणते, धोके कोणते आणि उपचार न घेतल्यास काय होईल, हे रुग्णाला समजेल असं सांगितलं तरच ती खरी संमती. त्या प्रकरणात तपासणीपुरती संमती घेतली होती. रुग्ण बेशुद्ध असताना बाहेर बसलेल्या आईची सही घेऊन गर्भाशय आणि बीजकोश काढून टाकले. जिवाला तातडीचा धोका नसताना सज्ञान बाईच्या वतीने आईची संमती चालत नाही, असं न्यायालयाने ठरवलं. कॉस्मेटिक सर्जरीत हे फार लागू पडतं. पोटाच्या ऑपरेशनला गेलेल्या बाईच्या हनुवटीखालची चरबीही 'पॅकेजमध्ये बसत होती म्हणून' काढली, असं करायचा अधिकार कुणालाच नाही.

म्हणून ऑपरेशनच्या किमान आठवडाभर आधी संमतीपत्राची कोरी प्रत मागा. हिंदीत मिळाली तर उत्तम, इंग्रजीच असेल तर घरात ज्याला नीट कळतं त्याला समोर बसवून वाचा. ज्या भागाचं ऑपरेशन ठरलं आहे तेवढाच लिहिला आहे ना? धोके तुमच्या ऑपरेशनचे लिहिले आहेत की सगळ्यांना एकच छापील यादी? भुलेची संमती वेगळी आहे का? तुमचे फोटो जाहिरातीत वापरायची परवानगी त्यातच घुसवली आहे का? ती द्यायलाच हवी असं नाही, रेघ मारून खोडा आणि बाजूला सही करा. सही केलेल्या पानांचा फोटो तिथल्या तिथे काढून घ्या.

मधुमेह, रक्तदाब, थायरॉइड, रक्त पातळ करणाऱ्या गोळ्या, सिगारेट, तंबाखू, आधीची ऑपरेशनं, जुन्या जखमेवर उंच वाढलेला व्रण: यातलं काहीही लपवू नका. घरच्यांसमोर सांगायचं नसेल तर डॉक्टरांशी एकटं बोला. लपवलेली गोष्ट तब्येतीला मारक तर असतेच, शिवाय पुढे दोष तुमच्याच माथी येतो.

पायरी ४: पैसे आणि बिल

'ऑफर आजच्यापुरती', 'सणासुदीचं पॅकेज' असं काउन्सेलर म्हणाला तर त्या दिवशी पैसे भरू नका. निर्णयाआधी एक रात्र मधे जाऊ द्या.

आरोग्य विम्यात कॉस्मेटिक सर्जरी बसत नाही. अपघात, भाजणं किंवा कर्करोग यांनंतरची पुनर्रचना हा अपवाद. आणि इतर उपचारांना जीएसटीतून जी सूट आहे ती निव्वळ सौंदर्यासाठीच्या शस्त्रक्रियेला नाही. इथेच मोह होतो: "बिल नको असेल तर टॅक्स वाचेल, कॅश द्या." ते वाचलेले पैसे फार महाग पडतात. तुम्ही पैसे देऊन सेवा घेतली हे सिद्ध करणारा मुख्य कागद म्हणजे बिल. बिलावर ऑपरेशनचं नाव, तारीख आणि क्लिनिकचं पूर्ण नाव-पत्ता पाहा. स्तनातलं किंवा इतर कुठलं इम्प्लांट बसवलं असेल तर त्याच्या डबीवर सिरियल आणि लॉट क्रमांकाचं स्टिकर असतं. ते डिस्चार्ज कार्डावर चिकटवून मागा. २०१९ साली ॲलर्गन कंपनीने खरबरीत पृष्ठभागाची काही इम्प्लांट जगभरातून परत घेतली, कारण त्यांचा एका दुर्मीळ कर्करोगाशी संबंध आढळला होता. अशा वेळी आपल्या शरीरात नेमकं काय आहे हे त्या स्टिकरशिवाय कळत नाही.

पायरी ५: ऑपरेशननंतरचे दिवस

रोज एक फोटो. सकाळी, त्याच खिडकीपाशी, समोरून आणि दोन्ही बाजूंनी. ऑपरेशनआधीचेही असेच काढून ठेवा. वहीत ताप, दुखणं, ड्रेसिंग, घेतलेली औषधं आणि क्लिनिकला केलेले फोन वेळेसकट लिहा. व्हॉट्सॲपवर झालेलं बोलणं पुसू नका आणि शक्य असेल तर तो फोनही बदलू नका, कारण मूळ नोंद त्यात असते.

सूज, काळंनिळं पडणं, बधिरपणा हे काही आठवडे असतंच. नाकाचा आकार तर वर्षभर हळूहळू बसत असतो, म्हणून दुरुस्तीचं ऑपरेशन सहसा वर्षभर थांबून करतात. पण काही खुणा थांबण्याच्या नाहीत. लायपोसक्शन किंवा पोटाच्या ऑपरेशननंतर धाप लागणं, छातीत दुखणं, एका पोटरीला सूज येऊन दुखणं. फिलर, म्हणजे भराव देण्यासाठी त्वचेखाली टोचायचं जेल, टोचल्यावर त्वचा पांढरीफटक होणं, जाळीसारखे जांभळट डाग उमटणं, सहन न होणारी वेदना. आणि नाक किंवा भुवयांच्या मध्ये फिलर दिल्यावर नजर धूसर होणं. फिलर रक्तवाहिनीत गेला तर तिथली कातडी मरू शकते, डोळा जाऊ शकतो. हायल्युरोनिक ॲसिडच्या फिलरवर हायल्युरोनिडेज नावाचं औषध आहे, पण ते वेळेत मिळालं तर. म्हणून टोचून घेण्याआधीच विचारा, "हायल्युरोनिडेज इथे ठेवता का?" आणि त्रास झाला तर क्लिनिकच्या फोनची वाट न पाहता एमवाय या सरकारी रुग्णालयाच्या किंवा जवळच्या मोठ्या रुग्णालयाच्या इमर्जन्सीत जा. आधी जीव आणि डोळा, कोर्टकचेरी नंतर.

तिथल्या केसपेपरवर 'अमुक तारखेला अमुक प्रक्रिया झाली, त्यानंतर हा त्रास' असं लिहून घ्या. तो कागद पुढे फार बोलतो.

पायरी ६: सगळे कागद लेखी मागा

डॉक्टरांच्या आचारसंहितेच्या २००२च्या नियमांनुसार रुग्णाने किंवा त्याने अधिकार दिलेल्या व्यक्तीने मागितल्यापासून ७२ तासांत वैद्यकीय कागदपत्रं द्यावी लागतात, आणि दाखल रुग्णांच्या नोंदी तीन वर्षं जपाव्या लागतात. तोंडी मागू नका. साधा अर्ज हिंदीत लिहा: नाव, ऑपरेशनची तारीख, आणि काय हवं ते. केसपेपर, संमतीपत्रं, भुलेची नोंद, ऑपरेशन नोट, नर्सिंगची पानं, तपासण्यांचे रिपोर्ट, आधी-नंतरचे फोटो, डिस्चार्ज कार्ड, बिलं. दोन प्रती न्या, एकीवर शिक्का-सही घ्या. घेत नसतील तर पोचपावतीसह स्पीड पोस्टाने पाठवा आणि ईमेलही करा.

हा अर्ज भांडणाच्या सुरात लिहू नका. नोटीस देण्याआधी कागद हातात येऊ द्या. उलट्या क्रमाने गेलात की नोंदींत नंतर भर पडण्याची शक्यता वाढते. कागद मिळालेच नाहीत तर तो तुमचा पराभव समजू नका. नोंदी दाबून ठेवणाऱ्याविरुद्ध ग्राहक आयोग प्रतिकूल अनुमान काढू शकतो, म्हणजे त्या नोंदी त्याच्याच विरुद्ध जात असाव्यात असं धरू शकतो.

पायरी ७: वाईट निकाल की हलगर्जीपणा?

इथे मला थोडं कठोर बोलावं लागतं. आरशात मनासारखं दिसलं नाही म्हणजे डॉक्टर दोषी, असं होत नाही. कायदा विचारतो ते हे: त्या परिस्थितीत, त्याच शाखेच्या सर्वसाधारण कुशल डॉक्टरने जी काळजी घेतली असती ती घेतली का? जंतुसंसर्ग, रक्त साकळणं, व्रण उंच वाढणं हे उत्तम सर्जनच्या हातूनही होतं. आपल्या सावळ्या कातडीवर लेझरनंतर काळे डाग पडण्याचा धोका तर मुळातच जास्त.

मग केस कशात असते? बहुतेक वेळा मला ती सुरीच्या आधी किंवा सुरीच्या नंतर सापडते. धोका सांगितलाच नाही. मधुमेह माहीत असून तपासणी केली नाही. सावळ्या कातडीवर छोट्या जागी चाचणी न घेता पूर्ण ताकदीचा लेझर दिला. तिसऱ्या दिवशी ताप आणि पू, तरी चार दिवस 'नॉर्मल आहे' असं फोनवर सांगत राहिले. गुंतागुंत होणं हा हलगर्जीपणा नाही, ती ओळखायला आणि हाताळायला केलेला उशीर हा हलगर्जीपणा असू शकतो. 'शंभर टक्के गॅरंटी' अशी लेखी जाहिरात असेल तर ती जपून ठेवा, तो अनुचित व्यापाराचा वेगळा मुद्दा होतो.

यासाठी दुसऱ्या प्लास्टिक सर्जनचं मत घ्या. गावातले डॉक्टर सहकाऱ्याविरुद्ध लिहायला कचरतात, ही वस्तुस्थिती आहे. त्यांच्याकडून दोषारोप मागू नका. आज काय दिसतं, त्याचं संभाव्य कारण काय, दुरुस्तीला काय करावं लागेल आणि खर्च किती, एवढं लिहून मागा. तेवढं बरेच जण देतात. नाही मिळालं तर भोपाळ, अहमदाबाद, पुणे, मुंबईला दाखवा. आयोग स्वतःही सरकारी वैद्यकीय महाविद्यालयाच्या मंडळाचं मत मागवू शकतो. मात्र प्रत्येक प्रकरणात तज्ज्ञाचं मत लागतंच असं नाही, हे व्ही. किशन राव प्रकरणात २०१० साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं आहे. ऑपरेशनच्या वेळी पोटात राहिलेला गॉज, म्हणजे रक्त टिपायचं जाळीदार कापड, स्वतःच बोलतो.

पायरी ८: कुणाकडे जायचं

नुकसानभरपाई हवी असेल तर ग्राहक आयोग. १९९५च्या व्ही. पी. शांता निकालापासून पैसे देऊन घेतलेली वैद्यकीय सेवा ग्राहक कायद्यात येते. सध्याचा कायदा २०१९चा. तुम्ही दिलेला मोबदला ५० लाखांपर्यंत असेल तर जिल्हा आयोग, म्हणजे कॉस्मेटिक सर्जरीची जवळपास सगळी प्रकरणं तिथेच. पाच लाखांपर्यंतच्या मोबदल्याला तक्रार शुल्क शून्य आहे. नव्या कायद्यातली एक सोय फार मोलाची: तक्रारदार जिथे राहतो किंवा काम करतो तिथल्या आयोगात तक्रार करता येते. ऑपरेशन मुंबईत मावशीकडे राहून केलं असलं तरी केस इंदूरला चालू शकते. पूर्वी यासाठी लोक दर तारखेला रात्रीची गाडी पकडायचे.

डॉक्टरच्या वागणुकीविरुद्ध, म्हणजे खोटी पदवी, संमतीशिवाय ऑपरेशन, कागद नाकारणं यासाठी राज्य वैद्यक परिषद. तिथे पैसे मिळत नाहीत, पण ताकीद मिळू शकते, नोंदवहीतून नाव काही काळ किंवा कायमचं निघू शकतं. क्लिनिकला परवानाच नसेल तर सीएमएचओ.

पोलिसांत जायची घाई करू नका. भारतीय न्याय संहितेत निष्काळजीपणाने इजा केल्याचं कलम १२५ आणि मृत्यूचं कलम १०६ आहे. पण २००५च्या जेकब मॅथ्यू निकालानुसार डॉक्टरवर गुन्हा चालवायला ढोबळ, गंभीर हलगर्जीपणा लागतो, आणि पोलिसांनी आधी स्वतंत्र, शक्यतो सरकारी, डॉक्टरचं मत घ्यायचं असतं. रुग्ण दगावला किंवा बोगस डॉक्टर निघाला तर मात्र जरूर जा, आणि मृत्यू असेल तर शवविच्छेदनाला नाही म्हणू नका. घरच्यांना ते नकोसं वाटतं, मला समजतं. पण त्याशिवाय मृत्यूचं कारण कायमचं अंधारात राहतं.

पायरी ९: तक्रार दाखल करणं

दोन वर्षं मोजायची ती तक्रारीचं कारण घडल्यापासून. दोष आत लपलेला असेल तर तो कळल्यापासून मोजता येतात, पण त्यावर विसंबू नका. डॉ. व्ही. एन. श्रीखंडे प्रकरणात मुंबईला १९९३ साली ऑपरेशन झालेल्या एका परिचारिकेच्या पोटातला गॉज २००२ साली निघाला. तक्रार झाली २००४ला. सर्वोच्च न्यायालयाने २०१० साली सांगितलं की इतकी वर्षं पोट दुखत असताना, स्वतः परिचारिका असताना, आधीच चौकशी करायला हवी होती. तक्रार मुदतबाह्य ठरली.

ग्राहक आयोगांच्या ई-जागृती पोर्टलवर घरबसल्या तक्रार भरता येते. इंदूरच्या आयोगात कामकाज हिंदीत चालतं. कागदांवर तक्रारीला 'परिवाद' आणि तुम्हाला 'परिवादी' म्हणतील, बिचकू नका. आपल्या लोकांची एक अडचण हमखास येते: क्लिनिकमधली काउन्सेलर मराठी, म्हणून सगळं व्हॉट्सॲप मराठीत झालेलं असतं. त्या संदेशांची छापील प्रत आणि खाली हिंदी भाषांतर जोडा. "टाके ओढतायत, ठणकतंय" याचं भाषांतर नुसतं 'दर्द है' असं करू नका. ठणका म्हणजे आत पू साठल्याची शंका, डॉक्टरला ती कळायला हवी होती, हा तुमचा मुद्दा तिथे आहे.

तक्रारीत तारखांची यादी आधी. मग कुठल्या दिवशी काय चुकलं, एकेका परिच्छेदात एकच गोष्ट. डॉक्टर आणि क्लिनिक दोघांनाही पक्षकार करा. रक्कम मागताना हिशेब दाखवा: दिलेली फी, दुरुस्तीचा अंदाजे खर्च, औषधं, बुडालेला पगार आणि मनस्ताप. मनस्तापाचे पन्नास लाख लिहिले म्हणजे जास्त मिळतं, असं नाही. हिशेब नसलेल्या आकड्याने बाकीच्या मागणीचंही वजन जातं. सोबत शपथपत्र, कागदांची यादी, फोटो तारखेनुसार.

समोरच्याला उत्तरासाठी ३० दिवस आणि फार तर आणखी १५ मिळतात. कायद्यात तीन महिन्यांत निकालाची अपेक्षा आहे, वैद्यकीय प्रकरणात त्यापेक्षा कितीतरी जास्त वेळ लागतो, मनाची तयारी ठेवा. वकील सक्तीचा नाही. तरी वैद्यकीय प्रकरणात असावा असं मला वाटतं, आणि पैसे नाहीत म्हणून अडू नका: स्त्रियांना उत्पन्न कितीही असो, जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळू शकतो. मोफत वकिलाच्या चौकशीला १५१०० आणि ग्राहक हेल्पलाइनचा १९१५ हे दोन क्रमांक फोनमध्ये घालून ठेवा.

या काळात सोशल मीडियावर डॉक्टरचं नाव घेऊन लिहू नका. संताप खरा असतो, पण उलट बदनामीची नोटीस येते आणि तुमची ताकद तिकडे खर्च होते.

पायरी १०: तडजोड आणि अपील

नोटीस गेली की बहुधा फोन येतो: "फ्री में टच-अप कर देते हैं." त्याच हातांकडून पुन्हा ऑपरेशन करून घेण्याआधी दुसऱ्या सर्जनला विचारा. पैसे परत देत असतील तर घ्यायला हरकत नाही, पण ज्या कागदावर सही मागतात तो वाचा. 'पूर्ण आणि अंतिम, यापुढे कोणतीही तक्रार नाही' असं लिहिलेलं असेल तर दुरुस्तीचा खर्च त्या रकमेत बसतो का हे आधी पाहा. नुसतं 'उपचाराने समाधानी आहे' असं लिहून देऊ नका, समाधानी नसाल तर. बोलणी करायचीच असतील तर आयोगामार्फत मध्यस्थी करता येते. तिथला समझोता आयोगाच्या आदेशात येतो आणि पाळला नाही तर वसूल करता येतो.

निकाल विरुद्ध गेला तर आदेशाच्या तारखेपासून ४५ दिवसांत भोपाळच्या राज्य आयोगाकडे अपील. तुमच्या बाजूने लागला आणि डॉक्टर अपिलात गेले तर त्यांना आदेशातल्या रकमेच्या निम्मी रक्कम आधी भरावी लागते. निकालाच्या दिवशीच प्रमाणित प्रतीसाठी अर्ज द्या, आणि जमवलेले सगळे कागद, फोटो, फोन, वही, अपील संपेपर्यंत जसेच्या तसे ठेवा.